चौथ्या खेपेचा पांडा

श्यांग शूचेन यांनी आयुष्यात तीनदा पांडा पाहिला होता आणि तिन्ही वेळा त्याची पाठच पाहिली होती. पहिल्यांदा कापडगिरणीच्या सहलीत, दुसऱ्यांदा मुलाबरोबर, तिसऱ्यांदा चौकात संध्याकाळी नाचणाऱ्या बायकांच्या मंडळाबरोबर. सून मात्र पार उत्तरेकडची, हार्बिनची. ती लग्नाआधी एकदाच छंगतूला पांडांच्या उद्यानात आली, तर पांडाने तिच्याकडे तोंड करून वर जांभईही दिली. श्यांगबाईंचा जन्म सछ्वानमधला, वय सत्तर, आणि हिशेबाला तीन पाठी.

नेइच्यांगमधल्या त्यांच्या चहाघरात हे सगळ्यांना ठाऊक होतं. माहजाँगच्या सोंगट्या पालथ्या रचताना म्हातारा थान न चुकता म्हणायचा, "घ्या श्यांगताई, तुमचे पांडा. एकशे आठ. सगळे पाठमोरे."

थान त्याच गिरणीत कापड-तपासनीस होता. डोळ्यांनी पाहिल्याशिवाय त्याने कधी एक वारही पास केला नव्हता आणि निवृत्तीनंतर तोच नियम त्याने माणसांनाही लावला होता. एका मंगळवारी श्यांगबाईंचं डोकं फिरलं. "थानदादा, त्याचं तोंड पाहीन तेव्हाच या टेबलावर बसेन!"

"पुरावा आणा," थान म्हणाला आणि त्यांची खुर्ची हळूच टेबलाखाली सरकवली.

म्हणून मे महिन्याच्या अखेरीस, पहाटे पाच वाजता, श्यांगबाई ज्येष्ठांच्या स्वस्त सहलीच्या बसमध्ये बसल्या. डोक्यावर कंपनीने दिलेली नारिंगी टोपी, नाकावर चष्मा, पिशवीत तीन उकडलेली अंडी. पांडा सकाळी बांबू खातो, ऊन तापलं की आत गारव्याला नेतात, आणि तिथे तो आडवा होतो, हे त्या तीन खेपांत शिकल्या होत्या. साडेनऊच्या आत पोचलं तर तोंड, नंतर पाठ.

साडेसात वाजता बस थांबली ती रेशमी दुलयांच्या दुकानापुढे.

"पोरी, हे काय?" त्यांनी गाइडला विचारलं. वेन नावाची ती मुलगी एका हातात झेंडा आणि दुसऱ्या हातात फोन घेऊन दारात उभी होती.

"सहलीत आहे मावशी. इथे दीड तास बसलंच पाहिजे, त्याशिवाय मला पुढे सोडत नाहीत."

"दीड तासाने पांडा झोपेल!"

"पांडा कुठे पळून जातोय?"

"पळत नाही हीच तर तक्रार आहे!"

सहलीतल्या म्हाताऱ्यांना अशा दुकानांचा सराव होता. आत शिरायचं, गार हवेत बसायचं, फुकटचा चहा प्यायचा, माल चाचपायचा, मान हलवायची आणि रिकाम्या हाताने बाहेर पडायचं. श्यांगबाई मात्र पुढच्या रांगेत सापडल्या. विक्रेतीने हसत हसत त्यांना उठवलं, आणखी तिघांना उठवलं आणि चौघांच्या हातात रेशमाच्या कोषाचं एकेक टोक दिलं. "ओढा! बघा किती ताणतं! तुटत नाही, तुटणार नाही!" चौघं मागे मागे सरकत गेले, मुठीएवढ्या कोषाची चादर झाली. ती घातली जाळीच्या चौकटीवर. मग दुसरा कोष. मग तिसरा. श्यांगबाईंना वाटलं, आपण या कोपऱ्याला बांधलेल्या आहोत. घड्याळात आठ वाजून पाच मिनिटं झाली होती.

मागच्या दाराशी एक म्हातारा रिकामा वाडगा चमच्याने खरवडत होता. त्याच्याही डोक्यावर नारिंगी टोपी. याच कंपनीची, पण त्यांच्या बसमधला नव्हे.

"तुमचं झालं का दुकान?" श्यांगबाईंनी तोंडाच्या कोपऱ्यातून विचारलं.

"झालं ना. आमची बस सुटायला आलीय, पांडाकडे." त्याने उसासा टाकला. "आंबवलेल्या गोड भातातलं अंडं देतात शेवटी. काय अंडं होतं ताई! पण एकेकच वाडगा."

"आम्हाला अजून द्यायचंय," त्या म्हणाल्या.

म्हातारा खरवडायचा थांबला.

"दुसरी खेप," श्यांगबाई म्हणाल्या. "गरम. शेवटपर्यंत बसेल त्याला. तुम्हाला पांडा पाहायचाय का?"

"अहो, माझा मेहुणा राहतो त्या फाटकासमोर. पांडा पाहून पाहून कंटाळलोय मी. बायको म्हणाली चल, म्हणून आलो."

"मग हे टोक धरा."

त्याने वाडगा ठेवला, हात पुसले आणि टोक धरलं. तेवढ्यात त्याला शंका आली. "मी लेइ. आणि तुम्ही मला ओळखणार कसं? सगळे म्हातारे नारिंगी." मग त्यानेच त्यांचा फोन मागून घेतला, एका हाताने कॅमेरा उलटा करून दोघांचा एक फोटो काढला आणि फोन परत दिला. "फाटकाशी भेटू. आपापल्या बसमध्ये परत. बायकोला सांगा, अंडं खातोय."

विक्रेती वळली. चार टोकं होती, चार म्हातारे होते, टोप्या होत्या. "ओढा!" ती म्हणाली.

लेइच्या बसच्या दारात तिथला गाइड टोप्या मोजत होता. तेवीस. बरोबर. श्यांगबाई लेइच्या जागेवर जाऊन बसल्या. खिडकीशी डुलक्या घेणारी बाई बस हलल्यावर जागी झाली आणि त्यांच्याकडे पाहत राहिली.

"माझा नवरा कुठंय?"

"अंडं खातोय. दुसरं."

बाईने क्षणभर विचार केला. "साखर आहे त्याला," ती म्हणाली. मग पाय लांब केले. "जाऊ दे. आज कोणी घोरणार नाही." आणि तिने पिशवीतून सूर्यफुलाच्या बिया काढून निम्म्या श्यांगबाईंच्या ओंजळीत ओतल्या.

फाटकातून आत शिरल्या तेव्हा आठ चाळीस झाले होते. लेइबाई म्हणाली, "पळा!" आणि स्वतःच पुढे पळाली. दोन म्हाताऱ्या, दोन नारिंगी टोप्या, बांबूच्या सावलीतला चढ, बिया खिशातून सांडतायत. श्यांगबाईंना हसू फुटलं ते थांबेना. हसताना धाप लागत होती आणि धापेत पुन्हा हसू येत होतं.

रांगेच्या टोकाला भोंगा घेतलेला रखवालदार होता. "तीन मिनिटं! आवाज नको! थांबू नका!"

आणि मग तो होता. कठड्यापलीकडे, दहा पावलांवर, उन्हाच्या एका कवडशात, पोट पुढे काढून बसलेला. तौह्वा त्याचं नाव, मऊ टोफूवरून ठेवलेलं. तोंड त्यांच्याकडे. पूर्ण, गोल, सबंध तोंड. तो बांबू सोलत होता, जसा गिरणीच्या फाटकाबाहेरचा म्हातारा ऊस सोलायचा, घाई नाही, गडबड नाही. सोललेला तुकडा त्याने तोंडात घातला, चावला आणि श्यांगबाईंकडे पाहिलं.

"फोटो!" लेइबाईने ढोसलं.

श्यांगबाईंनी फोन डोक्याच्या उंचीवर धरला आणि बटण दाबत सुटल्या. पडद्याकडे पाहिलंच नाही. पडदा घरीही पाहता आला असता. तीन मिनिटं त्यांनी फक्त त्याचं तोंड पाहिलं.

"चला आजी! चला!" भोंगा ओरडला. पांडाने जांभई दिली. श्यांगबाई एवढ्या मोठ्याने किंचाळल्या की रखवालदाराने भोंगा खाली ठेवून तोंडावर बोट ठेवलं.

साडेनऊ वाजून गेल्यावर त्यांची खरी बस आली. वेन झेंडा घेऊन उतरली, मागून लेइ, तृप्त.

"तुमच्या पोरीने तीनदा टोप्या मोजल्या," तो म्हणाला. "तिन्हीदा बरोबर. मलाही मावशी म्हणाली. फोनवर होती बिचारी."

"किती अंडी?" लेइबाईने विचारलं.

"एक."

"किती?"

"तीन," लेइ म्हणाला आणि मुकाट्याने आपल्या बसकडे निघाला.

आत, काचेपलीकडे, बाकीच्या सहलीने तौह्वाची पाठ पाहिली. छान होती, असं सगळे म्हणाले.

दुसऱ्या दिवशी दुपारी चहाघर भरलं होतं. श्यांगबाईंनी खुर्ची न ओढता, उभ्यानेच, फोन टेबलावर ठेवला. थानने चष्मा पुसला आणि पहिला फोटो उघडला.

श्यांगबाईंचं तोंड होतं. दुसरा. श्यांगबाई. तिसरा. एकेचाळीस फोटो, एकेचाळीस श्यांगबाई, नारिंगी टोपी, वासलेलं तोंड. लेइने उलटा केलेला कॅमेरा कोणी सुलटा केलाच नव्हता.

सबंध चहाघर हसलं. पाणी ओतणारा किटली टेकवून खाली बसला. श्यांगबाईंना मात्र हसू येईना. पाहिलं होतं, अगदी सबंध पाहिलं होतं आणि हातात काही नव्हतं. त्यांनी फोनकडे हात नेला.

"थांबा," थान म्हणाला.

तो हसत नव्हता. त्याने सदतिसावा फोटो दोन बोटांनी मोठा केला. आणखी मोठा केला. मग खिशातून कापड तपासायचं जुनं भिंग काढलं, जे तो अजून बाळगायचा, आणि पडद्यावर धरलं. श्यांगबाईंच्या चष्म्याच्या डाव्या काचेत एक पांढरा गोळा होता. त्यावर दोन काळे कान होते.

"पांढरा सदरा घातलेला माणूस असेल," शेजारच्या टेबलावरून कोणीतरी म्हणालं.

"तोंडात बांबू घेऊन?" थानने न पाहताच विचारलं. भिंग त्याने उजव्या काचेवर नेलं. तिथेही होता. तोही समोरून.

मग त्याने बाकीचे फोटोही एकेक करून उघडले. एकेका फोटोत भिंगाखाली तो श्यांगबाईंचं तोंडही पाहत राहिला, जसं धाग्यातली गाठ शोधताना पाहायचा. गाठ कुठेच नव्हती.

"दोन आहेत," शेवटी तो म्हणाला. "पास."

मग त्याने टेबलाखालची खुर्ची पायाने बाहेर ढकलली, रचलेल्या सोंगट्यांतली एक उचलली, त्यांच्या जागेसमोर उताणी ठेवली आणि ओरडला, "बसा आता श्यांगताई, जांभई कशी दिली ते सांगा!"