गोजरबाईची वाढवणी

कोंबा माझ्या बाळा, किती निजशील मातीत,
ये रे उन्हाच्या अंगणी, हात देते मी हातात...

हा आवाज शांतम्माचा. अक्कलकोटकडची म्हातारी ती. मराठी ओवी गायली तरी कानडी हेल लपत नसे. तिला जाऊन कितीतरी वर्षं झाली, पण माझ्या पोटात तो आवाज अजून घुमतो. रिकाम्या भांड्यात आवाज फार दिवस टिकतो, मित्रांनो.

मी एक जुनी तांब्याची झारी आहे. सोलापूरच्या एका तांबटाने मला ठोकून ठोकून गोल केलं. शांतम्माने मला घेतलं ते वाढवणीसाठी. वाढवणी म्हणजे जिवाची वाढ लवकर घडवण्याची विद्या. रोपाची पानं मोजायची, पानाला एक याप्रमाणे माझ्या तोंडाशी ओव्या गायच्या, ते पाणी मुळाशी घालायचं आणि पाठ फिरवायची. माणसाची नजर असेपर्यंत रोप आपल्याच चालीने वाढतं. नजर हटली की मग वाढवणी लागते.

मला पाठ नाही. म्हणून मी सारं पाहिलं आहे. बोटं मोडावीत तसा आवाज करत फांद्या लांबायच्या. कळी, फूल, फळ सगळं एका दमात. सावली मात्र मागे राहायची. पुरुषभर झाडाखाली महिनाभर वीतभरच सावली पडलेली असे. आणि अशा झाडावर पाखरू कधी बसलं नाही.

शांतम्माने जाताना ही विद्या आणि मी, दोन्ही तिच्या हाताखाली शिकलेल्या गोजरबाईच्या ओटीत घातलं. गोजरबाईची मोडनिंबला हमरस्त्याकडेला रोपवाटिका होती. नवरा अपघातात गेलेला, कडेवर तीन वर्षांची लेक, संस्कृती. डाळिंबाची, बोरीची रोपं न्यायला लांबून टेम्पो यायचे. "गोजरबाईच्या हाताला गुण हाय की!" असं लोक म्हणायचे, तेव्हा मी उन्हात उगीच जास्त चमकायचे.

मग एका दुपारी गोजरबाईने मला गोणपाटात गुंडाळलं. रोपं होती तशीच टाकली, लेकीला घेतलं आणि सोलापूर गाठलं. पुन्हा कधी मोडनिंबला गेली नाही. का, ते तिने कोणालाच सांगितलं नाही. त्यानंतर मी माळ्यावरच. अंगावर हिरवा गंज चढला. तुम्हाला वाटेल, बिचारी झारी! पण मित्रांनो, मला तिथे बरं वाटत होतं.

यंदा दिवाळीची साफसफाई निघाली. जुळे सोलापूरच्या फ्लॅटचा माळा उपसताना मी संस्कृतीच्या हाती लागले. तिचा युवराज पाच वर्षांचा, पण दिसतो जेमतेम तीनचा. डॉक्टर म्हणतात, दुखणं काही नाही, सावकाश वाढेल. पण शाळेतली पोरं त्याला 'अर्धं तिकीट' म्हणतात आणि ते ऐकून संस्कृतीचा जीव तुटतो. मोडनिंबच्या जुन्या ओळखीच्या बाईकडून तिने वाढवणीचं ऐकलं होतं. तिने मला चिंचेने घासून लख्ख केलं, काठोकाठ भरलं आणि लेकराला बाल्कनीत पाटावर बसवलं.

"आई, ओवी म्हण."

"ठेव ती खाली." गोजरबाई दारातच थांबली होती.

"डाळिंबाला चालतं, आणि माझ्या लेकराला नाही?"

"न्हाय."

"का नाही? सांग ना! तू नाही म्हणालीस तर मी म्हणेन. ओवी काय, मोबाईलवरसुद्धा सापडते."

"आजी, म्हण की गं," युवराज पाय हलवत म्हणाला. "मी मोठा झालो की वर्गातल्या त्या गुरुराजला अर्धं तिकीट म्हणणार."

संस्कृतीने त्याचा चिमुकला हात हातात घेतला, माझ्या तोंडाशी स्वतःच ओवी गायली आणि मला वाकवलं. पाणी माझ्या नळीत आलं. मित्रांनो, भांड्याला नको म्हणता येत नाही. येत असतं तर तेव्हा म्हटलं असतं. लोकांना मी सांगते, मला घासू नका, चमकवू नका, विसरा मला. आणि तुमच्या घरात जे सावकाश वाढतंय, त्याच्याकडे रोज बघत राहा.

गोजरबाईने धावत येऊन माझ्या नळीवर तळवा दाबला.

"तुज्यावर केली हुती मी," ती म्हणाली.

"काय केली होतीस?"

"वाढवनी. दारात टेम्पो खोळंबलेला, तू कडेवरनं उतरंना. वाटलं, उलीशी मोटी झालीस तर हात मोकळा हुईल. लेकराला पानं कुटली मोजायची? म्हनून तुज्या एका हाताची बोटं मोजली. पाच ओव्या गायले. पानी तुज्या पायावर घातलं आन् पाठ फिरवली."

संस्कृतीने मला हळूच खाली ठेवलं. "मग?"

"वळून बघते तर आठ वर्सांची पोर उभी. अंगात तेच झबलं, उसवून फाटलेलं. पायापाशी दुदाचे दात सांडलेले. मी हात पुढं केला, तर तू मागं सरलीस गं. आन् मला इचारलंस, 'तुमी कोन?'"