बॉर्बोरिग्मसचा अर्थ

इंग्रजीची हौस वाईट नाही. पण सौंसरच्या त्या शाळेत तिचा निव्वळ तमाशा मांडला होता. संचालक श्रीधर सर खुद्द इंग्रजांनाही ठाऊक नसतील असे शब्द शोधून आणत आणि वार्षिक कार्यक्रमात पोरांकडून वदवून घेत. आधी उच्चार, मग अर्थ, मग टाळ्या. एरवी जो मराठी बोलेल त्याच्या गळ्यात दिवसभर शिक्षेची पाटी. ती पाटी आजही स्टेजच्या कडेला खिळ्याला टांगलेली होती.

दुसरीतल्या पूजाच्या वाट्याला यंदा 'बॉर्बोरिग्मस' आला होता. तिच्या वर्गावरच्या, लोधीखेड्याहून बसने येणाऱ्या प्रज्ञा मॅडमने मोबाइलवर तो पन्नासदा ऐकून आधी स्वतः घोकला, मग पोरीकडून घोटून घेतला. कार्यक्रम नीट झाला तर तिची नोकरी पक्की, असं सरांनी सांगितलं होतं.

कार्यक्रमाच्या दिवशी सकाळी पूजा तिच्याजवळ आली. "म्याडम, माह्यं पोट लय..."

"इन इंग्लिश!" प्रज्ञा खेकसली. पाहुणे दारात उभे होते. पूजाला बॉर्बोरिग्मस येत होता, एवढं साधं येत नव्हतं. ती मान खाली घालून गेली.

स्टेजवर मात्र तिने शब्द खणखणीत म्हटला. अर्थही इंग्रजीत तोंडपाठ: आतड्यात वायू फिरल्याने पोटात होणारी गुडगुड. पांढुर्ण्याच्या पाहुण्यांनी टाळ्या पिटल्या. आणि पोरगी भडाभडा ओकली. फ्रॉकवर, बुटांवर, माइकच्या वायरवर.

श्रीधर सर नाकाला रुमाल लावून हसतच म्हणाले, "पूजा, वन्स मोअर! मॅडम, पुसून घ्या लवकर, व्हिडिओ सुरू आहे."

प्रज्ञाला शिसारी आली. त्या रुमालाची, अजून वाजणाऱ्या टाळ्यांची, आणि सगळ्यात जास्त स्वतःच्या जिभेची. तिने खिळ्यावरची पाटी ओढून काढली आणि त्या ओकारीत पालथी टाकली.

"नोकरी पाहिजे ना, मॅडम?" सर दातओठ खात म्हणाले.

"घाला चुलीत!" प्रज्ञाने ओढणीने पोरीचं तोंड पुसलं. "का होऊन राहिलं वं बाई तुले? मराठीत सांग."

पूजाने आधी पाटीकडे पाहिलं, मग सरांकडे. माइक सुरूच होता.

"पोट दुखून राहिलं," ती म्हणाली. "सकाळीच त सांगून राहिली होती तुमाले."