मेंढ्यांसाठी जागा

"खाली करा! संध्याकाळच्या आत मेंढ्या चढायला हव्यात," लेफ्टनंट शिडीवरून ओरडला, तेव्हा डॉर्कस पेंगेली लेकीची वेणी घालत होती.

कैद्यांना घेऊन निघालेला जहाजांचा ताफा वाटेत केपच्या बंदरात नांगर टाकून होता. नव्या वसाहतीसाठी इथून जनावरं घ्यायची होती आणि या जहाजावरच्या कैदी बायकांचा कप्पा त्यांच्यासाठी ठरला होता. बायकांना इतर जहाजांवर वाटून टाकायचं होतं.

"बघा गं बायांनो," ब्रिजेट डनेज आपल्या दणदणीत आवाजात म्हणाली, "मेंढी लोकर तरी देते. आपण नुसत्या शिव्या देतो!" सगळ्या हसल्या. डॉर्कसही हसली.

मग नावं वाचली गेली. डॉर्कस एका जहाजावर, लेक केझिया दुसऱ्यावर.

डॉर्कस लेफ्टनंटच्या पुढ्यात जाऊन उभी राहिली. "साहेब, पोर माझी आहे. चौदा वर्षांची. दोघींना एकीकडे पाठवा."

"तिकडे एकच जागा होती, बाई."

"मग दुसऱ्या कुणाला तरी..."

"यादी झालीय. तुला तिकडे घेतलं तर तिथल्या दुसरीला पाठवायचं कुठं?" तो काही दुष्ट नव्हता. त्याला दिवस मावळायच्या आत काम उरकायचं होतं.

एक्सेटरच्या एका घरातल्या चादरी डॉर्कसनंच चोरल्या होत्या. केझियानं फक्त गाठोडं उचललं होतं, तेही आईनं सांगितलं म्हणून. न्यायाधीशानं दोघींनाही सात वर्षं काळं पाणी दिलं. कोर्टात, तुरुंगात डॉर्कसनं हे कुणाकुणाला सांगितलं नव्हतं! आता लेफ्टनंटलाही सांगायला तिनं तोंड उघडलं. पण तो पुढच्या नावाकडे वळला होता.

होडीत बसताना केझिया म्हणाली, "रडू नकोस गं आई. ब्रिजेटमावशी आहे माझ्याबरोबर. तिकडे पोचलो की भेटूच."

"डोकं झाकून बस. वारा आहे," डॉर्कस एवढंच म्हणाली.

केप मागे पडलं. रोज तासभर बायकांना वर सोडत. डॉर्कस कठड्याशी जाऊन केझियाचं जहाज शोधी. कधी ते अगदी जवळ येई, माणसं मुंग्यांएवढी दिसत. कधी दोन-दोन दिवस धुक्यात हरवून जाई.

महिनाभरानं, एका गार सकाळी, त्या जहाजाचं निशाण अर्ध्यावर उतरलं. कठड्यावर फळी आली, कलली. काहीतरी पाण्यात पडलं.

शेजारी दोर वळत बसलेल्या जेबेझ खलाशाला तिनं विचारलं, "कोण गेलं?"

"भर समुद्रात कुणाला विचारू, बाई?"

"मोठं माणूस होतं की लहान?"

म्हातारा डोळे बारीक करून बघत राहिला. "एवढ्या लांबून काय कळणार? पोतं पडलं, इतकंच दिसलं."

ती रडली नाही. रडणं म्हणजे तेच झालं असं कबूल करणं. रात्री ती देवाला सांगे, दुसरी कुणी असू दे. आणि त्या दुसरीचीही कुणी आई असेल हे आठवून शरमेनं तोंड झाकून घेई. असे सात आठवडे गेले.

शेवटी बायकांना नव्या वसाहतीच्या किनाऱ्यावर उतरवलं. उकाड्यानं जीव नकोसा झाला होता. सगळ्या झाडांच्या सावलीकडे धावल्या. डॉर्कस पाण्याशीच थांबली. केझियाच्या जहाजावरून तीन होड्या आल्या. तिसरीतून ब्रिजेट उतरली. तिनं डॉर्कसला पाहिलं आणि मान खाली घातली.

"ताप होता गं. चारच दिवस." ब्रिजेटचा आवाज कसाबसा निघत होता.

"काही बोलली?"

"तुझ्या जहाजाकडे तोंड करून बसव म्हणायची. रोज वर नेऊन बसवायचे. शेवटचे दोन दिवस धुकं होतं, काही दिसेना. मी आपलं म्हटलं, ती बघ तुझी आई, हात हलवतेय." ब्रिजेटनं डोळे पुसले. "खोटं बोलले मी."

"हलवतच होते मी," डॉर्कस म्हणाली. "धुक्यातसुद्धा."

मागून शिपाई ओरडला, "ए, गप्पा पुरे! तंबू कोण उभे करणार?" त्यानं डॉर्कसच्या हातात दोराचं टोक दिलं. "ताणून धर. हलू नकोस."

खुंट्या ठोकून झाल्या, तंबू उभा राहिला, बायका आत गेल्या. दोर सोड म्हणायचं कुणाच्या लक्षात राहिलं नाही. डॉर्कस तो ताणून धरून उभी होती.