सहा मिनिटं पुढे

मित्रांनो, आपली गोष्ट सांगायला बसलं की जो तो आधी पराक्रम सांगतो. माझ्याकडे सांगण्यासारखे पराक्रम थोडे, आणि जो अपराध आहे तो मोठा. म्हणून आधीच सांगून टाकतो. मी एक जुनं हजेरीचं घड्याळ आहे, आणि मी दोन वर्षांहून अधिक काळ रोज सकाळी खोटं बोललो.

तुमच्यापैकी पुष्कळांनी माझ्यासारखं घड्याळ पाहिलंही नसेल. माणसाच्या छातीपर्यंत येईल एवढी सागवानी पेटी, वर पांढरी तबकडी, खाली लंबक, आणि पोटात एक खाच. कामगाराने आपलं कार्ड त्या खाचेत घालायचं, बाजूचा दांडा दाबायचा. खट्! कार्डावर वेळ छापली जायची. वेळेवर आलेल्याची निळ्या शाईत, उशीर झालेल्याची लाल शाईत. तीन लाल शिक्के पडले की अर्ध्या दिवसाची रजा गेली.

माझ्या कारागिराने मला एकवीस दिवस आपल्या बाकावर चालवून पाहिलं. रोज तपासायचा, रोज तेल द्यायचा. बाविसाव्या दिवशी म्हणाला, "जा आता. कुणाच्या बापाला भिऊ नकोस." मला ते वाक्य फार आवडलं होतं.

मी आलो एका कुलुपांच्या कारखान्यात. फाटकातून आत शिरलं की उजव्या हाताला भिंत होती, तिच्यावर मला टांगलं. भिंतीपलीकडे व्यवस्थापकांची केबिन. फाटकावर पहारेकरी काका. दर सोमवारी मला चावी द्यायचं काम त्यांचं. कारखान्याचे मालक, ज्यांना सगळे थोरले साहेब म्हणत, रोज सकाळी स्वतः फाटकाशी उभे राहून येणाऱ्या-जाणाऱ्याची विचारपूस करत. साठ-सत्तर माणसं होती. बहुतेक जण आठाच्या आधी दहा मिनिटं यायची. कुणी यंत्राला तेल घाली, कुणी आपल्या बाकाखालचा लोखंडाचा कीस झाडून घेई. त्यांना तसं कुणी सांगितलेलं नव्हतं. आणि आत जाताना प्रत्येक जण मनगट वर करून आपलं घड्याळ माझ्याशी जुळवून घ्यायचा. मी तेव्हा अगदी ताठ मानेने चालत होतो.

त्या सगळ्यांत कानताई वेगळ्या. खरं नाव दुसरंच होतं, पण कारखान्यात त्यांना हेच पडलं होतं. त्यांचं काम तयार कुलूप तपासायचं. नियम असा, की किल्ली एकदा फिरवायची. उघडलं, लागलं, की 'पास' शिक्का. ताई मात्र कुलूप कानाशी धरायच्या. तीनदा फिरवायच्या. आतला खटका नीट बसला नसेल तर त्यांना आवाजावरून कळायचं. "हे बसलंय बघा सर्दी झाल्यासारखं," असं म्हणून ते बाजूला ठेवायच्या. एकोणीस वर्षांत त्यांच्या कार्डावर एकही लाल शिक्का नव्हता. घरी अंथरुणाला खिळलेली आई. तिला न्हाऊ-माखू घालून, तिची लांब वेणी घालून मगच ताई घराबाहेर पडत आणि ऐन आठाला पोचत.

मग थोरले साहेब आजारी पडून घरी बसले आणि त्यांचे जावई कारभार बघू लागले. सगळे त्यांना पाठीमागे जावईबापू म्हणत. मित्रांनो, तुम्हाला वाटेल हा माणूस दुष्ट असेल. तसा नव्हता तो. घाबरलेला होता. दुसऱ्या कारखान्यांची कुलुपं स्वस्त येत होती, सासऱ्यांना तोंड दाखवायचं होतं, आणि माणसांकडून जास्त काम कसं घ्यावं हे त्याला ठाऊक नव्हतं. एका सोमवारी काका मला चावी द्यायला आले, तर जावईबापू म्हणाले, "द्या इकडे, मीच देतो आजपासून."

चावी दिली, आणि माझा मोठा काटा एक मिनिट पुढे सरकवला.

पुढच्या सोमवारी आणखी एक. असे सहा सोमवार. काका दर वेळी दोन हातांवर उभे असत. त्यांनी सगळं पाहिलं. सहाव्या सोमवारी जावईबापू त्यांना एवढंच म्हणाले, "काका, तुमची पुढच्या वर्षी मुदत वाढवायची आहे ना?" काकांनी मान खाली घातली.

सकाळ आता माझ्या वेळेने सुरू व्हायची. संध्याकाळची घंटा मात्र जावईबापू आपल्या मनगटावरच्या घड्याळाने द्यायचे. ते घड्याळ खरं होतं.

कुणी ओरडलं का? नाही हो. तेच तर मला अजून टोचतं. ऐन आठाला येणाऱ्यांना लाल शिक्के पडायला लागले तेव्हा त्यांनी स्वतःला दोष दिला. माझ्यावर त्यांचा एवढा भरवसा, की आपलीच घड्याळं मागे पडताहेत असं समजून ती माझ्याशी जुळवून घेतली. ताईंना पहिला लाल शिक्का पडला त्या दिवशी त्या कार्डाकडे बघतच राहिल्या.

"काका, माझंच चुकलं बघा," त्या म्हणाल्या. "हल्ली हात जड झालेत माझे."

धरणी दुभंगून पोटात घेईल तर बरं, असं मला वाटलं. पण मी भिंतीवर होतो, आणि चालतच राहिलो.

ताई धावतपळत यायला लागल्या. तरी पंधरवड्यात दोन लाल शिक्के. मग एके दिवशी त्या अगदी वेळेवर आल्या. काकांनी विचारलं, "आज लवकर?"

"आईचे केस कापून टाकले काल," ताई म्हणाल्या. "वेणीतच सगळा वेळ जायचा. काही बोलली नाही हो ती. रात्रभर डोक्यावरून हात फिरवत राहिली."

खट्. मी निळा शिक्का उमटवला. त्या शिक्क्याची जेवढी लाज वाटली तेवढी कुठल्याही लाल शिक्क्याची वाटली नाही.

असं दोन वर्षं चाललं. मग ताईंच्या आईला दवाखान्यात न्यावं लागलं. ताईंनी दिवसभराची रजा काढली. दुसऱ्या दिवशी आल्या त्या थेट माझ्यासमोर येऊन उभ्या राहिल्या.

"काका, दवाखान्यातलं घड्याळ बघितलं. औषधाच्या दुकानातलं बघितलं. शेजारच्या खाटेवर रेडिओ होता, त्यावरची वेळ ऐकली. सगळी सहा मिनिटं मागे. सगळं जग मागे पडलंय, की आपणच पुढे गेलोय?"

काका आपली काठी पुसत बसले. ती काठी आधीच लख्ख होती. ताईंना जे कळायचं ते कळलं.

त्या केबिनमध्ये गेल्या. भिंत पातळ, मला सगळं ऐकू येत होतं. जावईबापू आधी हसले, मग चिडले. शेवटी म्हणाले, "अहो, पाच-सहा मिनिटांचं काय एवढं घेऊन बसलात?"

"मी कुठे घेऊन बसले, साहेब?" ताई म्हणाल्या. "घेतली तुम्ही."

त्या बाहेर आल्या, आपल्या बाकावर जाऊन बसल्या. दुपारपर्यंत साठ माणसांना बातमी कळली.

मला वाटलं, आता आरडाओरडा होईल, कुणी दगड घालून माझी काच फोडेल. फोडली असती तर बरं झालं असतं. तसं काहीच झालं नाही; जावईबापूंनी मला मागेही आणलं नाही. दुसऱ्या दिवसापासून माणसं फाटकाबाहेर झाडाखाली उभी राहू लागली. आठाला एक मिनिट असताना रांग लावून आत यायची. आधी यायचं कुणी नाव काढेना. घंटेला हातातलं काम तसंच टाकून जायची. पत्रा कापणाऱ्या यंत्रावर एक थोराड गृहस्थ होते. साचा झिजला की मालकाच्या मागे लागून तो बदलून घ्यायचे. त्यांना शेजाऱ्याने विचारलं, "साचा गेलाय ना?" ते म्हणाले, "माझं काम पत्रा सरकवायचं. साचा बघणारे केबिनमध्ये बसलेत."

आणि ताई? ताई कुलूप कानाशी धरेनाशा झाल्या. किल्ली एकदा फिरवायची, शिक्का मारायचा. एकदा फिरवायची, शिक्का मारायचा. दिवसाला पूर्वीपेक्षा कितीतरी जास्त कुलुपं पास व्हायची. जावईबापूंना वाटलं, आपली युक्ती लागू पडली!

चार महिन्यांनी कुलुपांची पोती परत यायला लागली. लागलेलं कुलूप उघडत नाही म्हणून. आणि एका पोत्याबरोबर एक पत्र आलं. ते पत्र थोरल्या साहेबांच्या घरी गेलं. त्याच सकाळी ते काठी टेकत कारखान्यात आले, सगळ्यांना माझ्यासमोर बोलावलं आणि पत्र वाचून दाखवलं. लिहिणारी एक बाई होती. म्हाताऱ्या आईला भान नाही, ती उठून रस्त्यावर जाते, म्हणून कामावर जाताना ही बाई बाहेरून कुलूप लावायची. एके दिवशी परत आली तर कुलूप उघडेना. आत चुलीवर कपडा पडून धूर झालेला. दार फोडेपर्यंत दीड तास आई आतून हाका मारत होती. आई वाचली. "पण आता कुठलंही दार लावलं तरी ती ओरडते," असं शेवटी लिहिलं होतं.

साहेबांनी पत्र खाली केलं. "ताई, ही कुलुपं कुणी तपासली?"

"मी, साहेब. नियमाप्रमाणे किल्ली एकदा फिरवली."

"आणि आवाज? तुम्हाला आवाजावरून कळलं नाही?"



"कळलं होतं," त्या म्हणाल्या.

  तेव्हा मागून काकांचा आवाज आला. "साहेब, हे घड्याळ सहा मिनिटं पुढे आहे. मुद्दाम केलेलं आहे. मला माहीत होतं."

साहेबांनी खिशातलं घड्याळ काढलं. माझ्याकडे पाहिलं, मग जावयाकडे.   त्यांनी माझं दार उघडलं. मित्रांनो, माझ्या जातीच्या घड्याळाचे काटे उलटे फिरवता येत नाहीत. आतली छापायची कळ मोडते. ते मागे आणायचं तर थांबवून धरावं लागतं. साहेबांनी माझा लंबक हातात धरला आणि तसेच उभे राहिले.

सहा मिनिटं. यंत्रं बंद, माणसं उभी. लंबक धरायला दुसरं कुणी पुढे झालं, पण साहेबांनी तो सोडला नाही. सहा मिनिटं किती लांब असतात ते सगळ्यांना त्या दिवशी समजलं. जावईबापू अर्ध्यातच रडायला लागले.

लंबक सोडल्यावर साहेब म्हणाले, "ताई, उद्यापासून पहिल्यासारखं..."

"उद्यापासून मी येणार नाही, साहेब," ताई म्हणाल्या. "तुमच्यावर राग नाही. यांच्यावरही आता राहिला नाही. पण कळत असताना मी शिक्का मारला. हाताला ते एकदा जमलंय. पुन्हा जमेल अशी भीती वाटते मला."

त्या गेल्या. मागोमाग पत्रा कापणारे गेले, मग आणखी काही. चांगली माणसं एकेक करून निघून जातात तेव्हा आवाज होत नाही. साहेबांनी फार प्रयत्न केले. माझी वेळ पुन्हा अचूक होती, पण आत येताना कुणी मनगट वर करीना. तीन वर्षांनी कारखान्याच्या फाटकाला दुसऱ्याच कुणाचं तरी कुलूप लागलं.

आता मी एका गोदामात भिंतीला टेकून आहे. मध्यंतरी काका आले होते, खूप म्हातारे झालेत. माझ्यासमोर खोक्यावर बसले.  मग म्हणाले, "तुला तर तोंडच नव्हतं रे. मला होतं." आणि उठून गेले.

मित्रांनो, आम्हा वस्तूंची नीट निगा राखा, असं सांगून माझ्यासारखे निरोप घेतात. मला तेल नको, पुसायला फडकंही नको. उद्या तुम्ही मोठे व्हाल, कुणाच्या तरी हाताखाली काम कराल, कुणी तुमच्या हाताखाली करेल. तेव्हा कुणाची सहा मिनिटंसुद्धा चोरू नका. आणि कुणी चोरताना दिसला, तर काठी पुसत बसू नका. पहिल्याच सोमवारी बोला.