चार नंबर काउंटरमागचे स्टूल

मी फणसाच्या लाकडाचे एक जुने स्टूल आहे. मित्रांनो, तुम्ही म्हणाल, स्टुलाला कसले आले आयुष्य? कोणी बसले, कोणी उठले, झाले. पण माझी निम्मी वर्षे अशी गेली की माझ्यावर बसायलाच बंदी होती. त्या बंदीपायी एका बाईचे काय झाले ते मी जवळून पाहिले आहे. तेच तुम्हांला सांगायचे आहे.

मी मूळचा राधानगरीकडचा. तिथल्या केरबा सुताराच्या परसातला फणस वादळात पडला. त्याने तो नीट वाळवला आणि कोल्हापुरातल्या एका साडीच्या दुकानाच्या फळ्यांसाठी वापरला. उरलेल्या तुकड्यांतून, एकही खिळा न मारता, त्याने मला केले. दुकानाचे मालक, ज्यांना सगळे आप्पा म्हणत, त्यांनी विचारले की हे कुणी सांगितले होते. केरबा म्हणाला, वरच्या फळीला हात पोचायला उपयोगी पडेल. आणि पुढे म्हणाला, "आन् बाया दिसभर उभ्याच असत्यात की. टेकतील जरा." आप्पांनी मला ठेवून घेतले.

तेव्हा दुकानात पांढरी गादी होती. गिऱ्हाईक गादीवर बसे, साड्या दाखवणाऱ्या बायकाही गादीवरच बसत. त्यांत बनाबाई होती. ती कळंब्याहून येई. नवरा अंथरुणाला खिळलेला, पदरात एक लेक, अनुजा. घरचे सगळे उरकून ती दहाच्या आत दुकानात हजर असे.

बनाबाईसारखी साडी दाखवणारी मी दुसरी पाहिली नाही. नवरीची आई पदराला हात कसा लावते, एवढ्यावरून तिला कळे की या बाईच्या आवाक्यात काय आहे. मग ती भारी साडी काढायचीच नाही. हलक्या साड्यांतलीच एक अशा ऐटीत उलगडायची, की घेणारीला आपण काही कमी घेतले असे वाटू नये. बस्त्याला आलेली खेडोपाडीची माणसे दारातच विचारत, "बनाबाई हायत का?" गर्दी ओसरली की ती माझ्यावर टेके आणि नव्या मुलींना घडी घालायला शिकवी. आप्पा समोरून गेले तरी ती उठत नसे, आणि ती उठावी असे आप्पांनाही कधी वाटले नाही.

ते माझे चांगले दिवस.

पुढे आप्पा थकले आणि दुकान त्यांच्या मुलाकडे, राजसकडे गेले. तो पुण्याहून शिकून आला होता. त्याने दुकानाचे रूप पालटले. गादी गेली. काचेचे काउंटर आले, दिवे आले, छतात कॅमेरे आले. बायकांना एकसारखे निळे कोट मिळाले आणि कोटांवर नंबर. बनाबाई चार नंबर झाली. लहानपणी ज्याला तिने कडेवर घेऊन दुकान दाखवले होते, त्याला आता सर म्हणायचे होते.

नियमही आले. बाथरूमला जाताना विचारून जायचे. संध्याकाळी निघताना दारात पिशवी उघडून दाखवायची. आणि दुकान उघडल्यापासून बंद होईपर्यंत कोणी बसायचे नाही, गिऱ्हाईक असो वा नसो. बसलेला माणूस आळशी दिसतो, असे राजसचे म्हणणे होते. खरे सांगतो, तो दुष्ट नव्हता. तो कधी आवाज चढवत नसे. नुसते समजावून सांगे, आणि त्याने समजावले की पुढे बोलायला जागाच राहत नसे.

मी चार नंबरच्या काउंटरमागे राहिलो तो केवळ वरच्या फळीवर चढण्यासाठी. पन्नाशीला आलेल्या बनाबाईच्या पोटऱ्यांवर निळ्या शिरा दोरीसारख्या उठल्या होत्या. दुपारी पाय भरून आले की ती कॅमेऱ्याला दिसणार नाही अशा बेताने एक पाऊल माझ्या खालच्या दांडीवर टेकवी. थोड्या वेळाने दुसरे. एवढेच आमचे नाते उरले होते.

एका मार्गशीर्षात अनुजाच्या सासूबाई बस्त्याला आल्या. धोंडुबाई त्यांचे नाव. बिद्रीहून जीप भरून माणसे आणली होती, धाकट्या मुलाचे लग्न होते. अनुजाने सासरी मोठ्या अभिमानाने सांगितले होते की त्या दुकानात माझ्या आईचा शब्द चालतो. बनाबाई त्या दिवशी ताजा गजरा माळून आली होती. दोन-अडीच तास तिने साड्यांवर साड्या उलगडल्या. धोंडुबाई गिऱ्हाइकांच्या खुर्चीवर बसल्या होत्या. त्यांना ते अवघड वाटत असावे.

"विहीणबाई, तुमी बी बसा की," त्या म्हणाल्या. "मी बसल्याली आन् तुमी उभ्या, बरं दिसत न्हाय."

बनाबाईने एकदा नको म्हटले, दोनदा म्हटले. तिसऱ्यांदा नको म्हणायचे तर कारण सांगावे लागले असते. आपल्याला बसायची परवानगी नाही, हे विहिणीला सांगायचे कसे? तिने मला पुढे ओढले आणि ती बसली. कित्येक वर्षांनी तिचा पुरता भार माझ्यावर आला. मला फार बरे वाटले.

छतातल्या स्पीकरवर गाणे चालू होते, ते थांबले. केबिनमधून राजसचा आवाज आला. "काउंटर चार. बसायचं असेल तर घरी बसा." आणि गाणे पुन्हा सुरू झाले.

सगळ्या मजल्याने ते ऐकले. बनाबाई उठली. तिने हातातल्या साडीची घडी पुरी केली आणि पुढची साडी उलगडली. जरा वेळाने धोंडुबाईही खुर्चीवरून उठल्या. बाकीचा बस्ता दोघींनी उभ्याउभ्याच उरकला. एकमेकींकडे कोणीच पाहिले नाही. घरी गेल्यावर धोंडुबाईंनी सुनेजवळ निरोप दिला, की आईला म्हणावे सोड ती नोकरी. त्या मायेने बोलल्या होत्या. पण कळंब्याच्या घरातला माणूस अजून अंथरुणावरच होता.

शेजारच्या काउंटरवर क्रांती नावाची तरुण मुलगी होती. हे सगळे तिच्या देखत झाले होते, आणि ते तिच्या मनातून जाईना. आठवडाभराने जेवणाच्या सुट्टीत तिने मला मागच्या खोलीत नेले, माझ्यावर कागद ठेवला आणि अर्ज लिहिला. प्रत्येक काउंटरला एक स्टूल असावे. गिऱ्हाईक नसताना बसू द्यावे. कोणालाही स्पीकरवरून बोलू नये. एवढेच तीन मुद्दे. बारा बायकांनी डबे खाताखाता माना डोलावल्या. सुट्टी संपताना सह्या झाल्या दोन. एक क्रांतीची. दुसरी बनाबाईची, वाकड्या पण सुट्या अक्षरांत, पूर्ण नावानिशी.

दुसऱ्या दिवशी दुकान उघडण्याआधी राजसने सगळ्यांना काउंटरपाशी बोलावले. अर्ज त्याच्या हातात होता. दुकानात शिस्त का लागते हे तो शांतपणे सांगत होता. क्रांतीने त्याला मध्येच थांबवले.

"सर, आम्ही बसायला मागतोय. झोपायला न्हाय."

राजसने तिला उद्यापासून येऊ नका म्हणून सांगितले. मग तो बनाबाईकडे वळला. तुम्ही आप्पांच्या वेळच्या आहात, न वाचता सही केली असणार, असे म्हणून त्याने कागद आणि पेन तिच्यापुढे धरले. सही खोडली की विषय संपला.

बनाबाईने तो अर्ज तीनदा वाचला होता. मला ठाऊक आहे, कारण तो माझ्यावरच पडलेला होता. पण तिने पेन घेतले आणि आपल्या नावावर रेघ मारली. एक रेघ नीट उमटली नाही म्हणून दुसरी मारली.

क्रांती निघाली तेव्हाही दारात तिची पिशवी उघडून पाहिली गेली. जाताजाता ती बनाबाईजवळ थांबली. "काकू, तुमच्यावर राग न्हाय माझा," ती म्हणाली. तिने रागावायला हवे होते. त्यानंतर बनाबाईने माझ्या दांडीवर पाऊल टेकवणेही सोडून दिले. कॅमेरा असो नसो, ती दोन्ही पायांवर सरळ उभी राही, शिक्षा झालेल्या मुलासारखी.

वैशाखात लग्नांची झुंबड उडाली. एका दुपारी वरच्या फळीवरची इरकल काढायला ती माझ्यावर चढली. सकाळपासून ती उभीच होती. तिचा उजवा पाय बधिर झाला होता, ते मला तळव्याच्या गारपणावरून जाणवले. तिने हात वर केला आणि तो पाय तिच्याखालून निघून गेला. ती फरशीवर पडली, अंगावर साड्यांचा ढीग. मी जिथल्या तिथे उभा होतो, चारी पायांवर. राजसने स्वतःच्या गाडीतून तिला दवाखान्यात नेले. खुब्याचे हाड मोडले होते.

नंतर दुकानात एक कागद तयार झाला. स्टूल जुने व हलते असल्यामुळे अपघात घडला, असे त्यात लिहिले होते. साक्षीला सह्या हव्या होत्या. या वेळी सगळ्यांनी केल्या. कोणाला दोष देऊ? प्रत्येकीच्या घरी कोणी ना कोणी होतेच. मला तोंड असते तर मी सांगितले असते, की मी हललो नाही. पण अकरा माणसांना तोंड असून ती गप्प होती, मग माझे काय?

बनाबाई परत आली नाही. ती घरात वॉकर धरून चार पावले टाकते, असे बायका सुरुवातीला बोलत. आता बोलत नाहीत. तिच्या जागी नवी मुलगी आली आहे. तोच निळा कोट, तोच नंबर. चार म्हटले की ती मान वर करते. तिचे खरे नाव मला अजून कळलेले नाही.

मला जिन्याखाली टाकले होते. दिवाळीआधी खिडकी सजवणारा माणूस आला, त्याने मला बाहेर काढले, दाबून पाहिले आणि मजबूत आहे म्हणाला. मला सोनेरी रंग दिला. आता मी रस्त्याकडच्या मोठ्या काचेत आहे. माझ्यावर प्लास्टरची एक बाहुली बसवली आहे, भारी इरकल नेसवलेली. ती सकाळपासून दुकान बंद होईपर्यंत माझ्यावर बसून असते. तिला कोणी ऊठ म्हणत नाही.

मित्रांनो, माझा रंग खरवडा किंवा मला इथून सोडवा, असे मी म्हणणार नाही. तुमच्या सांगण्याने दुकानाचे नियम बदलतील, असेही मला वाटत नाही. पण कधी आईबरोबर कापड घ्यायला गेलात, तर समोर उभ्या असलेल्या बाईच्या कोटावरचा नंबर वाचू नका. तिला नाव विचारा. आणि एकदा, बसा, म्हणा. ती बसणार नाही. वर छताकडे बघेल आणि नको म्हणेल. तरीही म्हणा.