गुहेतला भोंगा

चंदू मस्कतहून सुट्टीवर आला तो कम्प्युटर घेऊन. टीव्हीला जोडायचा, टेपरेकॉर्डरवर कॅसेट लावायची, ती पाच मिनिटं मिक्सरात खडे घातल्यासारखी किंचाळायची आणि मग पडद्यावर गुहा दिसायची. गुहेत टोपीवाला बुटका, मागे भुतं आणि चोवीस कुलूपबंद खोल्या. शेवटच्या खोलीत खजिना. असल्या पोरखेळाला माणसं डोळे फाडून बसतात, हे मला आधी कोणी सांगितलं असतं तर मी त्याला वेड्यात काढलं असतं.

चंदूचे काका कुशाबा आमचे शेजारी. वीस वर्षं मिलच्या साचेखात्यात चार-चार साचे, म्हणजे कापडाचे माग, एकट्याने चालवलेले. संपात मिल गेली आणि त्यानंतर पाच वर्षं हा माणूस खाटेवर बसून भिंतीशी बोलायचा. चंदूने सहज त्यांच्या हातात खेळ दिला. चार साचे सांभाळणाऱ्याला चार भुतं ती काय! तिसऱ्या दिवशी कुशाबा तेविसाव्या खोलीत. तिथे मात्र रोज मरायचे.

"काका, सोडा आता," चंदू म्हणाला. "आज रात्री माझा विमान आसा. कम्प्युटर नेऊक होयो."

"संप हरलंव," कुशाबा पडद्यावरची नजर न हलवता म्हणाले. "ह्यो खजिनो काय सोडूचंय नाय."

मला हसू आलं आणि लगेच भरूनही आलं.

तो रविवार होता. दुपारी त्यांच्या दहा बाय बाराच्या खोलीत सात माजी गिरणी कामगार दाटीवाटीने बसले. त्यात आमचे हेही. काम नाही, पण सल्ले बघा! "डावीकडे!" "उडी मार!" "अरे, चावी ऱ्हवली!" कुशाबांनी भुतं चुकवली, चावी उचलली आणि बुटका चोविसाव्या दाराशी उभा राहिला. चावी लागली. दार उघडताना टीव्हीतून लांबलचक आवाज निघाला.

भोंऽऽऽ.

कुशाबांचा हात आपोआप गेला आणि त्यांनी कम्प्युटरचं बटण बंद केलं. भोंगा झाला, पाळी सुटली की साचा बंद. पडदा काळा झाला. सातही जण एकदम उठले आणि दारात अडकले. आमचे हे तर खिशात गेटपास चाचपत होते.

"काका!" चंदू ओरडला. "खजिनो आतच ऱ्हवलो!"

पुन्हा पहिल्या खोलीपासून खेळायला वेळ नव्हता, खाली टॅक्सी आली होती. पण कुशाबांना ऐकूच गेलं नाही. चपला घालून ते गॅलरीत गेले, चार पावलं चालले आणि थबकले. जायचं ते घर मागेच होतं. ओशाळून परत फिरले, उंबऱ्यात चपला काढल्या.

चपलांचा आवाज ऐकून स्टोव्हपाशी बसलेली शांता, त्यांची बायको, मान वर न करता म्हणाली, "इलात? चाय टाकतंय."

"होय," कुशाबा म्हणाले. "इलंय."