घुमटासाठी दाखला

मशिदीचं छप्पर धोकादायक आहे असा दाखला हवा होता, आणि तो पुतणीनेच द्यावा असं काकांनी ठरवून टाकलं होतं. विचारलं नव्हतं, ठरवलं होतं. घरात इंजिनियर असताना परक्याच्या दारात कशाला जायचं, एवढंच ते फोनवर म्हणाले. येताना काकूच्या गुडघ्यासाठी मलम आण, असंही त्याच दमात सांगून त्यांनी फोन ठेवला.

पुतणी जुन्या इमारती तपासायची. कोणती भिंत आणखी टिकेल आणि कोणती उतरवावी लागेल, हे सांगणं तिचं काम. घरात तिला मोजपट्टी म्हणत, कारण लहानपणी ती दिसेल त्याची लांबीरुंदी विचारून मोठ्यांना भंडावून सोडायची. वडील लवकर गेले. पुढचं शिक्षण काकांनी केलं, आणि ते त्यांनी कधी बोलून दाखवलं नाही. म्हणूनच त्यांना नाही म्हणणं जड जायचं.

काका मशीद कमिटीचे अध्यक्ष होते. परदेशातल्या एका संस्थेने कमिटीला नवी मशीद बांधून द्यायची तयारी दाखवली होती. सोबत रंगीत चित्रही पाठवलं होतं: पांढऱ्या भिंती, मधोमध हिरवा घुमट, दोन बाजूंना दोन मिनार. काकांनी ते घरच्या कपाटात जपून ठेवलं होतं. चित्रातल्या आकाशाला एकही ढग नव्हता आणि आजूबाजूला एकही घर नव्हतं. ती इमारत कुठल्याही गावात उचलून ठेवता आली असती, आणि ती संस्था नेमकं तेच करत होती. जागा मात्र मोकळी करून हवी होती. जुनी मशीद धोकादायक ठरल्याशिवाय नगरपालिका पाडायला परवानगी देणार नव्हती. सगळं घोडं त्या दाखल्यापाशी अडलं होतं.

जुनी मशीद बाजाराच्या मागच्या गल्लीत होती. चौरस, लाकडी, जाड खांबांची. वर एकावर एक तीन कौलारू छपरं, प्रत्येक वरचं खालच्यापेक्षा लहान. दोन छपरांच्या मधल्या उभ्या फटीला लाकडी पट्ट्यांची झडप, म्हणजे पाऊस आत येत नाही आणि गरम हवा वरच्या वर निघून जाते. समुद्रावरून व्यापारी आले, त्यांच्याबरोबर धर्म आला, आणि ज्यांनी तो स्वीकारला त्यांनी बंदरावर होड्या बांधणाऱ्या सुतारांना बोलावून ही इमारत उभी केली. सुतारांनी त्यांना येत होतं ते केलं. होडीत असतात तसेच खाचा आणि खुंट्यांचे जोड, लोखंडाचा खिळा नाही. त्याच हातांनी गावातली कोठारंही बांधली आणि दुसऱ्या धर्मांची प्रार्थनाघरंही. तेव्हा त्यात कुणाला काही खटकलं नव्हतं.

आतून मात्र यातलं काहीच दिसत नसे. काका परदेशातली नोकरी संपवून परत आले, त्या वर्षी त्यांनी स्वतःच्या खर्चाने मशिदीला प्लास्टरचं खोटं छत लावून दिलं होतं. छताच्या मधोमध उथळ गोल घुमट, त्याला निळा रंग, त्यावर चांदण्या. लोकांनी कौतुक केलं. खाली बसलेल्याला वर बघितलं की आपण घुमटाखाली बसलोय असं वाटे. लाकूड झाकलं गेलं ते गेलंच.

पुतणीने छताच्या कोपऱ्यातली झाकणी सरकवली आणि शिडीवरून त्या निळ्या घुमटाच्या पाठीवर गेली. वर कोंदट, ओला वास होता. टॉर्चच्या उजेडात तिला आधी तुळया दिसल्या आणि ती नुसतीच बघत राहिली. मग कामाला लागली. टोच्याने एकेक वासा टोचून पाहिला, यंत्राने ओल मोजली. लाकूड खणखणीत होतं. टोच्या टेकवला की टणकन परत यायचा. फक्त एका कोपऱ्यात, मोठ्या तुळईच्या टोकाला, तो लोण्यात शिरावा तसा आत गेला.

ती त्या टोकाशी बसून राहिली आणि मग तिच्या लक्षात आलं. छत बसवणाऱ्यांनी झडपा आतून प्लास्टरने बुजवल्या होत्या. वरून धूळ पडते, चांदण्या खराब होतील, म्हणून. खाली शेकडो माणसांचा श्वास, हातपाय धुण्याची ओल, पावसाळी हवा, सगळं जिथे फट मिळेल तिथून वर येत होतं आणि वर आल्यावर त्याला बाहेर जायला वाट नव्हती. होडीवाल्या सुतारांनी जी हवा पिढ्यान्‌पिढ्या बाहेर काढली होती, ती खोट्या घुमटाने कोंडून ठेवली. त्या कोंडीत एक तुळई कुजली. आणि आता त्या कुजलेल्या तुळईच्या नावावर खरा घुमट मागितला जात होता.

टोच्या पिशवीत टाकून ती खाली उतरली.

कमिटीची बैठक हौदाशेजारच्या खोलीत भरली. काका, इमाम, आणखी दोघेतिघे वडीलधारे, आणि खजिनदार. खजिनदाराचं टाइल्सचं दुकान होतं, आणि नव्या मशिदीला फरशी कुणाकडून येणार हे न विचारताही सगळ्यांना ठाऊक होतं. पुतणीने जे पाहिलं ते सांगितलं. एक तुळई बदलावी लागेल, तीही अर्धी. झडपा मोकळ्या करायच्या, खोटं छत उतरवायचं. छप्पर आणखी कितीतरी वर्षं हलणार नाही. दाखला देता येणार नाही.

खजिनदार हसला. तुळई कुजली हे ती स्वतःच म्हणते, मग तेवढंच लिहायला तिचं काय जातं, असं त्याने इतरांकडे बघत विचारलं. मग तिच्याकडे वळला.

"बाई, तुळया मोज, खांब मोज. मशीद कशी दिसावी ते आम्हाला कळतं. हे काय मशिदीसारखं दिसतं? नवखा माणूस आला तर बाहेर उभा राहून विचारतो, हे कुणाचं गोदाम."

"मशिदीसारखं म्हणजे कसं?" तिने विचारलं.

"घुमटाचं. सगळ्या जगात असतं तसं."

तिने आवाज चढवला नाही. रागावली की ती नेहमीपेक्षा हळू बोलायची, आणि काकांना ते माहीत होतं. ते खुर्चीत सावरून बसले.

सगळ्या जगात काय असतं ते तिने सांगितलं. मदिनेतली पहिली मशीद खजुराच्या खोडांवर उभी होती आणि वर झावळ्यांचं छप्पर होतं. घुमट त्याच्या आधीपासून होते, ते राजवाड्यांवर आणि चर्चवर होते. पुढे मुसलमानांनी ते घेतले, स्वतःचे केले, आणि त्यांच्याइतके सुंदर घुमट थोड्यांनीच बांधले, हेही खरं. पण चीनमधल्या मुसलमानांनी चिनी वाड्यासारखी मशीद बांधली, वळणदार कौलांची, अंगणांमागे अंगणं असलेली. आफ्रिकेत मातीची बांधली, तिच्या भिंतीतून लाकडं बाहेर आलेली असतात आणि पावसानंतर सगळं गाव मिळून ती लिंपतं. बर्फाच्या मुलखात ओंडक्यांची आहे. त्यांना कुणी सांगितलं नाही की हे मशिदीसारखं दिसत नाही.

"हे सगळं पुस्तकातलं," खजिनदार म्हणाला.

"आपली मशीद पुस्तकात नाही, ती डोक्यावर आहे. तुम्ही तिच्यावर निळा रंग मारलाय म्हणून दिसत नाही एवढंच."

एक म्हातारे सदस्य खोकल्याचं निमित्त करून हसले. इमाम खाली बघत म्हणाले की धर्मात घुमटाची सक्ती कुठेच नाही, जागा स्वच्छ हवी आणि दिशा बरोबर हवी. खजिनदाराने त्यांचं बोलणं मध्येच तोडलं. इंजिनियर काय ही एकटीच आहे का, दुसरा आणू, तासाभरात लिहून देईल.

"आणा," ती म्हणाली. "पण माझा अहवाल उद्या नगरपालिकेत जाईल. दोन अहवाल वेगळे निघाले की त्यांना स्वतः येऊन वर चढावं लागतं. मग कुजलेलं टोकही दिसेल आणि बुजवलेल्या झडपाही दिसतील."

काका तिच्याकडे वळले. "कमिटीच्या विरुद्ध जाणार तू?"

"हो."

"माझ्या विरुद्ध?"

"तुम्हीच अध्यक्ष आहात, काका."

ते उठले, टोपी नीट केली, आणि जायला वळताना म्हणाले की मग घरी यायची तसदी घेऊ नकोस. मलमाची ट्यूब तिच्या पिशवीतच राहिली.

दुसऱ्या दिवशी तिने अहवाल दिला. खिडकीतल्या कारकुनाने पोच देताना अध्यक्षांचं आडनाव वाचलं, मग तिचं वाचलं, आणि भुवया उंचावल्या. पुढच्या दिवसांत तिला नातेवाइकांचे फोन आले. आत्याने रडून घेतलं. एका चुलतभावाने तिला विचारलं की तुला कुणी पैसे दिले. त्या प्रश्नाने ती इतकी संतापली की फोन भिंतीवर आपटता आपटता थांबली. ज्या घराने आपल्या मशिदीची लाज धरली, ते तिलाच विकली गेलीस का म्हणून विचारत होतं.

मग एका सकाळी काका तिच्या कामाच्या जागी आले. एका पडक्या शाळेच्या ओट्यावर ती तडे मोजत होती. ते तिच्यापासून जरा लांब, एका उलट्या घमेल्यावर बसले. शहरात कसली धूळ झालीय, असं काहीतरी म्हणाले. तिने पट्टी पुढच्या तड्यावर धरली. मग ते तडकाफडकी बोलू लागले.

परदेशात कामगारांच्या खोलीत त्यांनी पलंगाशी गावच्या मशिदीचा फोटो लावला होता. खोलीतले सगळे वेगवेगळ्या देशांतले मुसलमान. एकाने फोटो बघून विचारलं, हे काय आहे. मशीद आहे म्हटल्यावर सगळे हसले. तू नक्की आमच्यातलाच ना, असं त्यांनी विचारलं. थट्टाच होती. पण ती थट्टा तिथे असेपर्यंत चालली. कुणी नवा आला की त्याला आधी तो फोटो दाखवायचे. शेवटी त्यांनी तो काढून पेटीत टाकला.

"म्हणून छत लावलं," काका म्हणाले. "परत आल्यावर वर बघवेना."

पुतणीला वाईट वाटलं, आणि वाईट वाटूनही तिचा राग उतरला नाही. उलट त्याला आता आणखी तोंडं फुटली. हसणाऱ्यांवर होता, चित्र पाठवणाऱ्यांवर होता, आणि समोर घमेल्यावर बसलेल्या या माणसावरही होता, ज्याने ती थट्टा जपून घरी आणली आणि प्लास्टरने मशिदीला चिकटवली.

"त्यांनी त्यांच्या मशिदी हव्या तशा बांधल्या," ती म्हणाली. "तुम्हाला विचारायला आले होते?"

काका घमेल्यावरून उठले. मग म्हणाले, "मी वर कधी गेलोच नाही. ने मला."

मशिदीत शिडी तिने धरली. काका धापा टाकत झाकणीतून वर गेले आणि तुळईवर बसले. तिने टॉर्च फिरवली. खुंट्या, खाचा, एकात एक गुंतलेले वासे, तिसऱ्या छपराच्या टोकाला सगळं एका खांबात येऊन मिटलेलं. काकांनी तिच्या हातातून टोच्या घेतला आणि चांगल्या लाकडावर दाबला. तो घसरला. मग तिने दाखवलेल्या टोकावर दाबला, आणि तो मुठीपर्यंत आत गेला. त्यांनी बुजवलेल्या झडपेवरून हात फिरवला. प्लास्टरवर अजून कारागिराच्या बोटांचे वळ होते.

"देणगी जाईल," ते म्हणाले.

"जाऊ दे."

"खजिनदार गोंधळ घालेल."

"घालू दे. तुम्ही शुक्रवारी सगळ्यांसमोर सांगा."

"काय सांगू? तुळई बदलायची आहे, छत काढायचं आहे, सांगतो."

"ते मी सांगेन. ते माझं काम आहे. तुम्ही खोलीतलं सांगा, फोटोचं."

काकांनी तिच्याकडे असं बघितलं, जणू तिने त्यांना खाली ढकललं असावं. ते शक्य नाही, म्हणाले. माझ्या वयाचा काही मान ठेवशील की नाही. तिने टॉर्च बंद केली नाही आणि नजरही वळवली नाही.

शुक्रवारी नमाजानंतर ती मागच्या दालनात बायकांमध्ये बसली होती. तुळईचं, झडपांचं, छताचं तिने तिथूनच सांगितलं. मग काका उभे राहिले. त्यांनी सांगितलं. फोटो, पलंग, हसणं, पेटी, सगळं. मधल्या रांगेतला एक निवृत्त खलाशी मध्येच बोलला की त्यालाही असंच विचारलं होतं, दुसऱ्या बंदरावर, दुसऱ्या लोकांनी, आणि त्याने खोटं सांगितलं होतं की आमच्या गावी घुमट आहे. मागून आणखी कुणीतरी बोललं. खजिनदार उठून म्हणाला की भावनेने इमारती उभ्या राहत नाहीत. पलीकडून उत्तर आलं की टाइल्सनेही नाहीत, आणि हशा पिकला. तो चपला शोधत बाहेर गेला.

छत उतरवायचं ठरलं. घुमटाचं चित्र परत पाठवायचं की नाही, यावर एकमत झालं नाही. बाहेर पडताना काकांनी पुतणीला विचारलं, झालं का आता तुझं समाधान.

"नाही," ती म्हणाली. "चित्र अजून तुमच्या कपाटात आहे."